टेबल नंबर सातची नेमणूक

मी चिडका माणूस आहे, हे आधीच सांगून टाकतो. नंतर कोणी म्हणायला नको, की म्हातारा उगाच भडकतो. सदतीस वर्षं मी कोर्टाच्या व्हरांड्यात बसून लोकांचे अर्ज लिहितोय. भाडेकरूचा घरमालकाविरुद्ध, घरमालकाचा भाडेकरूविरुद्ध, आणि एकदा तर एकाच दुपारी दोघांचेही. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी पायऱ्या चढून वर टेबल मांडून बसलोय, तेव्हा माझ्या शहाणपणाचं काय ते तुम्हीच ठरवा.

पण आज माझं नाही, सात नंबरचं सांगायचंय.

आमच्या व्हरांड्यात ओळीने सात टेबलं आहेत. एक ते पाच टंकलेखक, सहावा मी, हाताने लिहिणारा शेवटचा शिल्लक माणूस, आणि सातवी ती. सात नंबरचं टेबल अगदी टोकाला, खांबाला चिकटून. सकाळी वारा कागद उडवतो, दुपारी तीननंतर अर्ध्या टेबलावर ऊन येतं आणि खांबाच्या डोक्यावर कबुतरांचं बिऱ्हाड. ते टेबल कोणालाच नको होतं. सहा वर्षांपूर्वी ही बाई आली, टेबलावर फडकं मारलं, टाइपरायटर ठेवला, वर बघून कबुतरांना म्हणाली, "तुमचं तुमच्याकडे, माझं माझ्याकडे," आणि बसली. त्या दिवसापासून मी तिच्यावर खूश आहे. हे तिला कधी बोललो मात्र नाही. बोललो असतो तर डोक्यावर बसली असती.

तिचा हात असा, की वकील मंडळींनी तिचं नाव 'एक्स्प्रेस' ठेवलं. "एक्स्प्रेसकडे दे, चहा संपायच्या आत होईल," असं एकमेकांना सांगायचे. आणि होतही असे. वेगाचं एक वेळ सोडा, वेग पुष्कळांना असतो. पण तिच्या कागदात चूक सापडायची नाही. एक नंबरच्या टेबलावरचा आमचा जाडा दोस्त एकदा भिंग घेऊन तिची सहा पानं तपासत बसला होता. शेवटी त्याचेच डोळे दुखायला लागले. "बाई, एखादी तरी चूक करत जा गं, आम्हालाही जगायचंय," म्हणाला.

तर अशी ही बाई व्हरांड्यात, कबुतरांखाली का बसली होती? कारण ती सरकारी नोकर होती. म्हणजे होणार होती. तिच्या सासूबाई सगळ्यांना सांगायच्या, "आमची सून सरकारी नोकर आहे, फक्त सरकारला अजून माहीत नाही."

त्याचं असं झालं. आठ वर्षांपूर्वी पाणीपुरवठा कार्यालयाने टंकलेखकांच्या एकोणीस जागांची जाहिरात काढली. तेव्हा ही तिशीची. दिवसभर घरकाम, आणि जेवणाची ताटं उचलली की त्याच टेबलावर सराव. नवऱ्याचं कुलपं दुरुस्त करायचं दुकान आहे, त्याच्यावरच्या दोन खोल्यांत ही मंडळी राहतात. खाली त्याची कानस, वर हिची खटखट. सासूबाई म्हणायच्या, मला दोन्ही कानांनी झोपायची सोय नाही, पण चालू दे. परीक्षा झाली. एकोणीस जणांच्या यादीत हिचा नंबर तिसरा. काचेच्या फळ्यावर यादी लागली तेव्हा नवरा दुकान बंद करून बघायला गेला आणि काचेवर बोट ठेवून ठेवून त्याने तिथे एक डागच पाडला.

यादी लागली ती लागलीच. नेमणुकीचं पत्र काही येईना. सरकारी काम आणि सहा महिने थांब म्हणतात, ते आपल्याला माहीत असतं. पण सहा महिन्यांचं वर्ष झालं, वर्षाची चार झाली. आधी म्हणाले निवडणूक आहे. मग म्हणाले साहेब बदलले. नव्या साहेबांनी नेमली समिती, किती टंकलेखक लागतात त्याचा अभ्यास करायला. समितीची मुदत संपली, तिला मुदतवाढ मिळाली. समितीला मुदतवाढ मिळते हो, उमेदवाराच्या वयाला मिळते का? पस्तिशीनंतर सरकारी परीक्षेला बसता येत नाही. हिची पस्तिशी त्या समितीच्या अभ्यासातच उलटून गेली. म्हणजे ही यादी रद्द झाली तर पुन्हा कधीच नाही. काय होतं ते एवढंच होतं, आणि ते सगळंच होतं.

एकोणीस जणांतले एकेक गळत गेले. एक परदेशी गेला. दोघी शिकवण्या घ्यायला लागल्या. एकाने कोंबड्या पाळल्या, आणि तो भेटला की म्हणतो, "कोंबडी निदान रोज अंडं तरी देते." शेवटी चौघं उरले आणि दोन वर्षांपूर्वी त्या चौघांनी कोर्टात अर्ज केला. अर्ज टाइप अर्थातच हिने केला. अर्जदार क्रमांक तीन म्हणून सही केली. वकील मिळाला तो नवखा, कोट जरा ढगळ पण डोकं बरोबर मापाचं. कोर्टात अर्ज पडला आणि कार्यालयाने दोन वर्षं उत्तरच दिलं नाही. तारीख यायची, सरकारी वकील उभे राहायचे, "मुदत हवी," म्हणायचे, आणि बसायचे. मला तर वाटतं त्यांना तेवढंच पाठ होतं.

मग त्या कोर्टात नव्या जजबाई आल्या.

या जजबाईंबद्दल थोडं सांगितलं पाहिजे. त्यांना वकिलाचा आवाज चढलेला चालायचा, उशीर एखादवेळी चालायचा, पण टायपिंगची चूक चालायची नाही. वेलांटी चुकलेली दिसली की कागद परत. आमच्या व्हरांड्याचा जुना नियम आहे: प्रत्येक पानाच्या तळाशी, डाव्या कोपऱ्यात, बारीक अक्षरात टेबलाचा नंबर टाकायचा. म्हणजे चूक सापडली की कोणाला झापायचं ते कळतं. बाकीच्या जजांनी त्या कोपऱ्याकडे कधी ढुंकूनही बघितलं नव्हतं. या बघायच्या. दुसऱ्याच आठवड्यात चार नंबरला आत बोलावून घेतलं होतं, बिचारा बाहेर आला तेव्हा त्याचा शर्ट घामाने पाठीला चिकटला होता. तेव्हापासून सगळीकडे झालं, की या कोर्टात कागद द्यायचा तर सात नंबरकडून करून घ्या.

जजबाईंनी पाणीपुरवठ्याच्या वकिलांना पहिल्याच तारखेला विचारलं, "दोन वर्षं उत्तर नाही? शुक्रवारपर्यंत प्रतिज्ञापत्र आलं नाही तर तुमच्या साहेबांना इथे उभं करीन."

आणि गुरुवारी दुपारी, तीन वाजून गेलेले, सात नंबरच्या टेबलावर ऊन आलेलं, अशा वेळी एक गोलमटोल गृहस्थ धापा टाकत आमच्या पायऱ्या चढून आले. काखेत फाइल, हातात फुगलेली कापडी पिशवी. "सात नंबर कोण? सात नंबर?" तिने हात वर केला. त्यांनी हाताने लिहिलेला मसुदा तिच्यापुढे टाकला. "बाई, चौदा पानं आहेत, तीन प्रती, आज पाचच्या आत. मी पाणीपुरवठ्याचा हेडक्लार्क. नवीनच बदलून आलोय आणि आल्या आल्या हे गळ्यात पडलंय. त्या जजबाई म्हणे चूक खपवून घेत नाहीत. तुमचं नाव सांगितलं सगळ्यांनी."

मी मान तिरकी करून मसुद्याच्या मथळ्याकडे बघितलं आणि माझ्या हातातलं पेन खाली पडलं. तिचाच खटला! वर पहिल्या अर्जदाराचं नाव आणि पुढे 'व इतर तीन'. त्या 'इतर तीन'मधली एक समोर बसलीय, हे त्या माणसाच्या गावीही नव्हतं.

तिने पहिलं पान वाचलं. दुसरं वाचलं. चेहऱ्यावरची रेघसुद्धा हलली नाही. मग म्हणाली, "होईल. तुम्ही चहा घेऊन या."

तो गेला तसा मी तिच्यावर तुटून पडलो. "वेड लागलंय का तुला? नाही म्हण! यंत्र बिघडलंय म्हण!"

"काका, यंत्र बिघडलेलं नाही."

"मग माझं डोकं बिघडलंय म्हण! काय लिहिलंय तरी त्यात?"

तिने नववा परिच्छेद मला वाचून दाखवला. अगदी सरळ आवाजात, दुसऱ्याच कोणाचं वाचावं तसं. "'सदर कार्यालयातील टंकलेखनाचे काम जवळजवळ संपुष्टात आले असून टंकलेखकांची कोणतीही आवश्यकता उरलेली नाही. सबब निवड यादी रद्द समजण्यात यावी.'"

"टंकलेखकाची गरज नाही," मी म्हणालो, "आणि हे टाइप करायला टंकलेखक शोधत व्हरांड्यात आलेत! अगं, चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या ह्याच. जा, पळत जा आणि आपल्या वकिलाला सांग!"

"नाही सांगणार."

"का?"

"टेबलावर आलेला कागद टेबलावरच राहतो, काका. तुम्ही एकाच दुपारी घरमालकाचा आणि भाडेकरूचा अर्ज लिहिलात ना? मग याचं त्याला सांगितलंत?"

सदतीस वर्षांत मी कोणाचं कोणाला सांगितलं नाही. आमच्या धंद्यात अब्रू म्हणतात ती तेवढीच आहे. पण म्हणून मी गप्प बसणारा नव्हे. "बरं, सांगू नकोस. मग निदान 'उरलेली नाही' मधला 'नाही' विसर. एक शब्द! माणूस आहेस, चुकू शकतेस."

तेव्हा मात्र ती माझ्याकडे अशी वळली, की मी खुर्ची मागे सरकवली. "माझ्या हातून मुद्दाम चुकीचं पान जायचं असेल तर मी परीक्षा कशाला दिली? आठ वर्षं कशासाठी थांबलेय मी? तुम्ही लिहा तुमचा अर्ज." आणि तिने कार्बन लावले, कागद चढवला आणि सुरू झाली. चौदा पानं. स्वतःच्या नोकरीचा निकाल लावणारी चौदा पानं तिने त्या उन्हात बसून टाइप केली आणि एकदाही खोडरबर उचललं नाही. मी समोरच्या अर्जदाराच्या बापाचं नाव दोनदा चुकीचं लिहिलं.

पावणेपाचला हेडक्लार्क परत आला. तिने कागदांची चळत त्याच्या हातात दिली आणि म्हणाली, "तुमच्या मसुद्यात अकरा नंबरचा परिच्छेद दोनदा आलाय. दुसऱ्याला बारा केलंय, पुढचे आकडेही बदललेत. आणि चौथ्या पानावर जाहिरातीचं साल चुकलं होतं, ते मी तसंच ठेवलंय, फक्त शिसपेन्सिलीने खूण केलीय. ते बदलायचं की नाही ते तुम्ही ठरवा."

त्या माणसाने साल बघितलं आणि कपाळावर हात मारला. "अहो, खरंच की! हे असंच गेलं असतं तर माझी काही धडगत नव्हती." तिने ती ओळ नीट करून दिली. तो इतका खूश झाला, की निघता निघता म्हणाला, "बाई, तुमच्यासारखं एक माणूस आमच्या ऑफिसात असतं ना, तर सोनं झालं असतं!"

"जागा निघाल्या की कळवा," ती म्हणाली.

मी खोकल्याचं निमित्त करून तोंड फिरवलं. तो पायऱ्या उतरून गेल्यावर तिने यंत्रावर कापड घातलं आणि म्हणाली, "काका, हरलो तर हरलो. पण हे कोणाला बोलायचं नाही. शपथ आहे तुम्हाला."

शपथ घातली ती कोणाला, तर मला! माझी बायको म्हणते, ह्यांना गुपित सांगायचं म्हणजे चौकात फलक लावायचा. पुढची तारीख आठ दिवसांनी होती आणि ते आठ दिवस माझे कसे गेले ते माझं मलाच माहीत. मधल्या दिवशी तो ढगळ कोटाचा वकील माझ्यापुढे येऊन बसला. त्याला प्रतिज्ञापत्राची प्रत मिळाली होती. चेहरा पार उतरलेला. "काका, फार चोख लिहिलंय हो. कामच नाही म्हणतात. आता काम आहे हे मी कशाने सिद्ध करू? त्यांच्या ऑफिसात जाऊन तर मला कोणी कागद दाखवणार नाही." माझ्या जिभेच्या टोकावर आलं होतं. अक्षरशः टोकावर. शेजारी तिची खटखट थांबली. मी मूग गिळून म्हणालो, "चहा घे. होईल काहीतरी." आणि घरी जाऊन बायकोवर उगीचच ओरडलो. तिने कारण विचारलं तर तेही सांगता येईना.

तारखेच्या दिवशी मी माझं टेबल चक्क बंद ठेवलं. सदतीस वर्षांत दुसऱ्यांदा. कोर्टाच्या खोलीत शेवटच्या बाकावर मी, माझ्या शेजारी तिचा कुलूपवाला नवरा, त्याच्या शेजारी सासूबाई, आणि पलीकडे उरलेले तीन अर्जदार. ती भिंतीला टेकून उभी होती. सासूबाईंनी मला विचारलं, "जिंकणार ना हो?" मी म्हणालो, "बघू." मला म्हातारीकडे बघवेना.

सरकारी वकील उठले आणि नववा परिच्छेद मोठ्याने वाचला. काम संपुष्टात, आवश्यकता नाही, यादी रद्द. आमचा वकील उठला, पुष्कळ चांगलं बोलला, पण पुरावा मागितल्यावर खाली बसला. मला वाटलं, गेलं.

जजबाई प्रतिज्ञापत्र चाळत होत्या. पान उलटायच्या, तळाशी बघायच्या, पुढचं पान. चौदाही पानं झाली. मग चष्मा काढून म्हणाल्या, "या कोर्टात आल्यापासून इतका स्वच्छ कागद मी क्वचितच बघितलाय. एक चूक नाही. तुमच्या ऑफिसात कोणीतरी फार चांगलं टाइप करतं, वकीलसाहेब."

सरकारी वकील फुलले. "आभारी आहे, मॅडम. आमचं कार्यालय या बाबतीत—"

"कार्यालय नाही," जजबाई म्हणाल्या. "इथे तळाशी टे. सात लिहिलंय. हे तर आपल्या व्हरांड्यातलं टेबल. बाहेर का दिलंत?"

सरकारी वकिलांनी हेडक्लार्ककडे बघितलं. हेडक्लार्क उठला. बिचारा साधा माणूस, कोर्टात पहिल्यांदाच उभा होता आणि खोटं बोलायची तयारी करून आला नव्हता. "मॅडम, ऑफिसात कोणी नव्हतं. म्हणजे टाइप करणारं कोणी नाही. शेवटचे दोघं निवृत्त झाले."

"मग तुमची बाकीची पत्रं?"

"बाहेरच देतो, मॅडम. शहरात चार-पाच ठिकाणी वाटून देतो."

"किती पत्रं असतात?"

त्याने ती फुगलेली कापडी पिशवी उचलून दाखवली. "आज एवढीच आहेत, मॅडम. इथून जाता जाता टाकायची होती." पिशवीतून हाताने लिहिलेल्या मसुद्यांचे दोन गठ्ठे डोकं वर काढून बघत होते. मागच्या बाकावर कोणीतरी फिसकन हसलं. मीच होतो तो, कबूल करतो.

"हातच्या काकणाला आरसा कशाला," जजबाई म्हणाल्या आणि पुन्हा कोपऱ्यातल्या आकड्याकडे बघितलं. "सात नंबरच्या टेबलावर कोण बसतं? त्यांना बोलवा."

"मी इथेच आहे," ती भिंतीपासून पुढे आली.

"तुम्ही इथे कशा?"

"मी अर्जदार क्रमांक तीन, मॅडम."

आमचा वकील तोंड उघडं टाकून तिच्याकडे बघत राहिला. हेडक्लार्कने दोन्ही हात डोक्याला लावले. आणि मग सगळी खोली हसायला लागली, पट्टेवाला हसला, सरकारी वकीलसुद्धा फाइलमागे तोंड लपवून हसले. सासूबाईंना काय झालंय तेच कळेना. त्या मला ढोसत होत्या, "काय झालं हो? चांगलं झालं का वाईट?" जजबाईंनी टेबलावर पेन आपटलं, पण त्यांच्याही ओठांच्या कडा काही जागेवर नव्हत्या.

"टाइप करताना हे कशाबद्दल आहे ते तुम्हाला समजलं होतं?"

"अक्षर न् अक्षर समजलं होतं."

"तुमच्या वकिलांना सांगितलं नाहीत?"

"टेबलावरचं बाहेर सांगत नाही, मॅडम. आता तुम्ही विचारलंत म्हणून."

"यात एक शब्द इकडचा तिकडे करायची इच्छा नाही झाली?"

ती म्हणाली, "झाली. पण मी परीक्षा पास झालेली आहे, मॅडम."

हसू थांबलं. शेजारी तिचा नवरा रुमाल शोधायला लागला. त्याच्या खिशातून रुमालाऐवजी किल्ल्यांचा जुडगा निघाला, तोच त्याने डोळ्यांना लावला.

जजबाईंनी निकाल तिथल्या तिथे सांगितला. यादीत नाव आलं म्हणजे नोकरीवर हक्क मिळत नाही, हे त्यांनी आधी स्पष्ट केलं. पण जागा रिकामी आहे, काम पिशवीभर आहे, निवडलेला माणूस दारात उभा आहे, आणि तरीही भरती करायची नसेल तर कार्यालयाला खरं कारण द्यावं लागतं. दिलेलं कारण खरं नाही, हे कार्यालयाच्याच कागदाच्या तळाशी लिहिलेलं आहे. चौघांनाही चार आठवड्यांत नेमणूकपत्रं द्या, आणि वय परीक्षेच्या दिवशीचं धरा. सासूबाईंना आता कळलं. त्या उठून उभ्या राहिल्या आणि भर कोर्टात म्हणाल्या, "सरकारला कळलं एकदाचं!" पट्टेवाल्याने त्यांना बसवलं, पण हळूच.

बाहेर आल्यावर वकील माझ्या अंगावर धावून आला. "काका, तुम्हाला माहीत होतं!" मी म्हणालो, मला काय माहीत असणार, मी अर्ज लिहितो. आठ दिवस पोटात ठेवलेलं, आता बाहेर काढायला मजाच राहिली नव्हती.

पण तुम्हाला वाटेल संपलं. सरकार आहे ते, इतक्यात कसं संपेल! एक आठवडा गेला, दोन गेले, तीन गेले. मी रोज तिला विचारायचो, ती रोज "नाही" म्हणायची. मी तर कोर्टाच्या अवमानाच्या अर्जाचा मसुदा मनात तयार ठेवला होता, त्यात एकेक शिवी अशी गोड भाषेत बसवली होती, की काय सांगू. चौथ्या आठवड्याच्या बुधवारी, दुपारी, त्याच पायऱ्या चढून तोच हेडक्लार्क आला. तशीच धाप, तशीच पिशवी. तिच्यापुढे उभा राहिला आणि पिशवी पोटाशी धरली.

"बाई," तो शेवटी म्हणाला, "साहेब उद्या सही करतो म्हणालेत. परवापासून ते रजेवर आहेत. पत्रं आज टाइप झाली पाहिजेत आणि ऑफिसात..." त्याने पिशवीतून हाताने लिहिलेले चार मसुदे काढून टेबलावर ठेवले. चार नेमणूकपत्रं.

मी इतका हसलो, की दोन नंबरचा उठून पाणी घेऊन आला. तीही हसली. मग कागद चढवला. पहिल्या अर्जदाराचं पत्र झालं, दुसऱ्याचं झालं, चौथ्याचंही आधी करून टाकलं. नेहमीचा वेग, नेहमीची खटखट. मग स्वतःचा मसुदा समोर ठेवला आणि हात थांबले.

"काका, तुम्ही वाचून दाखवाल का? मला अक्षर नीट दिसत नाहीये."

त्या हेडक्लार्कचं अक्षर टपोरं होतं, आंधळ्यालाही दिसलं असतं. पण मी चष्मा लावला आणि वाचायला लागलो. पहिल्यांदा तिचं नाव, पूर्ण, सरकारी पद्धतीने. मग, "'आपली टंकलेखक या पदावर नियुक्ती करण्यात येत असून...'" टक, टक, टक. इतक्या सावकाश टाइप करताना तिला मी कधी ऐकलं नव्हतं. आणि 'नियुक्ती' लिहिताना ती चुकली. एक नंबरचा जाडा मागे येऊन उभा होता, त्याला भिंगाशिवाय दिसलं. पण तोही गप्प राहिला.

"राहू दे," हेडक्लार्क म्हणाला. "खोडून वर लिहा, चालतंय. साहेब कुठे बघतात!"

"मी बघते," ती म्हणाली. कागद काढला, नवा चढवला, पदराने डोळे पुसले. "काका, पहिल्यापासून."

मी पहिल्यापासून वाचलं. माझा आवाज मध्येच बसला, तेव्हा हेडक्लार्कने पुढचं वाचलं. कबुतरंही वर गप्प होती म्हटलं तर ते खोटं होईल, त्यांची आपली घुटर्रघूं चालूच होती. पण आमच्या ओळीतली बाकीची पाचही यंत्रं थांबली होती. पत्र पूर्ण झालं. तिने ते बाहेर काढलं, वाऱ्याने उडू नये म्हणून दोन्ही हातांनी धरलं आणि तपासून बघा म्हणून माझ्याकडे दिलं. मी तीनदा वाचलं. एकही चूक नव्हती. तिन्ही वेळा मी रडलो, आणि त्याची मला मुळीच लाज वाटत नाही.